राष्ट्रकाव्याचे माध्यमांतर आणि निवेदकाचे स्थान

काव्याचे चित्रपटात रूपांतर होताना कथानक सहसा टिकते; संकटात सापडतो तो निवेदक. संवाद नटांच्या मुखी जातात, वर्णनाचे कार्य कॅमेरा करतो. मग सांगणाऱ्याचा स्वर कोठे ठेवावयाचा? राष्ट्रकाव्यात हा प्रश्न अधिक बिकट होतो, कारण तेथे निवेदक हाच समाजाच्या स्मृतीचा वाहक असतो.

आदाम मित्स्केविच याचे ‘पान तादेउश’ १८३४ मध्ये पॅरिसला प्रसिद्ध झाले. १७९५ च्या तिसऱ्या फाळणीने पोलंडचे राज्य तेव्हाच लयास गेले होते. बारा सर्गांच्या या काव्यात १८११-१२ मधील लिथुआनियातील दोन घराण्यांचे वैर वर्णिले आहे. परंतु त्याचा प्राण आहे तो निर्वासिताला लागलेल्या मायभूमीच्या ओढीत. १९२८ मध्ये रिशार्द ओर्दिन्स्की याने त्यावर मूकपट काढला. मूळचा तेरा अक्षरांचा छंद तेथे श्राव्य होणे शक्यच नव्हते. आंद्रेई वायदा याने १९९९ च्या चित्रपटात संवाद छंदोबद्धच ठेवले आणि खुद्द कवीला पॅरिसमधील निर्वासितांपुढे काव्यवाचन करताना दाखविले. श्रोत्यांत कथेतीलच काही पात्रे वृद्धावस्थेत बसलेली आहेत. काव्यारंभीचे मातृभूमीस केलेले आवाहन येथे अखेरीस येते. त्यामुळे डोळ्यांपुढून नुकताच गेलेला प्रदेश आपण गमावला आहे, ही जाणीव प्रेक्षकाला होते.

या दृष्टीने जबलपूर ही कर्मभूमी असलेल्या सुभद्राकुमारी चौहान (१९०४-१९४८) यांच्या झाशीच्या राणीवरील हिंदी कवितेचा विचार उद्बोधक ठरतो. ‘मुकुल’ (१९३०) या संग्रहातील ही रचना विस्ताराने महाकाव्य नव्हे. लोकस्मृतीतील तिचे स्थान मात्र राष्ट्रकाव्याचेच आहे. ही कथा आपण बुंदेलखंडातील हरबोल्यांच्या मुखातून ऐकली, असे तिचे ध्रुपद पुनःपुन्हा बजावते. मराठीत गोडसे भटजींच्या ‘माझा प्रवास’ (१९०७) मध्येही झाशीचा प्रलय आपणांस कळतो तो एका भयग्रस्त भिक्षुकाच्या डोळ्यांनी. सोहराब मोदी यांनी १९५३ मध्ये राणीच्या चरित्रावर भव्य रंगीत चित्रपट काढला. तो या कवितेचे रूपांतर नव्हता. असे रूपांतर करू पाहणाऱ्याला युद्धदृश्यांच्या आधी हरबोल्याची जागा निश्चित करावी लागेल. तो वगळला तर राणीचा पराक्रम पडद्यावर दिसेल. पण तो पिढ्यान्‌पिढ्या कोणी जपला, हे सांगणारे कोणी उरणार नाही.