व्हिडिओ गेममधील खाजगी सामने : मांडणी, तंत्र आणि मालकीचा प्रश्न

गोषवारा :
मित्रमंडळींनी आपापसांत खेळावयाचा व्हिडिओ गेमचा सामना मुख्यतः तीन मार्गांनी मांडता येतो. एकाच जागेतील संगणक जोडून, इंटरनेटवर स्वतःचा सर्व्हर चालवून किंवा गेम कंपनीच्या सर्व्हरवर खोली उघडून. गेल्या तीन दशकांत या मार्गांनी सोय वाढत गेली. मात्र सामन्यावरील खेळाडूंचा ताबा कमी होत गेला. प्रस्तुत लेखात या तिन्ही मार्गांचे तंत्र स्पष्ट करून सोय आणि मालकी यांच्यातील संबंधाचा विचार केला आहे.

बीजसंज्ञा : खाजगी सामना, यजमान संगणक, लॅन, सर्व्हर, पोर्ट, विलंब, मालकी.

१. प्रस्तावना

खेळ आणि सवंगडी यांचे नाते जुने आहे. गल्लीतील क्रिकेटमध्ये 'एक टप्पा आऊट' हा नियम कोणत्याही मंडळाने केलेला नसतो. तो खेळणारी मुलेच ठरवितात. कोणाला खेळात घ्यावयाचे, किती षटके टाकावयाची आणि खेळ केव्हा थांबवावयाचा हेही तीच ठरवितात. व्हिडिओ गेममधील खाजगी सामना हे याच प्रवृत्तीचे आधुनिक रूप होय. अनोळखी खेळाडूंच्या गर्दीत न उतरता निवडक मित्रांनी आपल्या नियमांनी खेळावे, हा त्यामागील हेतू असतो. परंतु गल्लीतील मैदान आणि संगणकावरील मैदान यांत एक मूलभूत फरक आहे. संगणकावरील मैदान कोणत्या ना कोणत्या यंत्रावर उभे असते. ते यंत्र कोणाचे आहे, या प्रश्नाच्या उत्तरावर खेळाचे भवितव्य अवलंबून असते.

२. उद्दिष्टे

१) खाजगी सामन्याची संकल्पना स्पष्ट करणे.
२) सामना मांडण्याच्या तीन मार्गांचे तंत्र व त्यांतील अडचणी समजून घेणे.
३) सामन्यावर खरा ताबा कोणाचा राहतो, याचा विचार करणे.

३. खाजगी सामन्याची संकल्पना

अनेकांनी एकत्र खेळावयाच्या गेममध्ये कोण कोठे उभा आहे, कोणाची गोळी कोणाला लागली, किती वेळ उरला, याची नोंद एका ठिकाणी ठेवावी लागते. ही नोंद ठेवणाऱ्या प्रणालीस सर्व्हर म्हणतात. खेळाडूचे यंत्र आपली हालचाल सर्व्हरला कळविते व सर्व्हर त्या क्षणाची स्थिती सर्वांना परत पाठवितो. सार्वजनिक सामन्यात कंपनीची प्रणाली खेळाडूंच्या जोड्या लावते. खाजगी सामन्यात मात्र प्रवेशाची किल्ली खेळाडूंच्या हाती असते. ही किल्ली पासवर्ड, खोलीचा संकेतांक, मित्रयादीतून दिलेले निमंत्रण किंवा परवानगी असलेल्या नावांची यादी यांपैकी कोणत्याही स्वरूपात असू शकते.

४. पहिला मार्ग : एकाच जागेतील सामना

डिसेंबर १९९३ मध्ये इड सॉफ्टवेअर या अमेरिकन कंपनीचा 'डूम' प्रसिद्ध झाला. स्थानिक नेटवर्कवर, म्हणजेच लॅनवर, चार जणांना तो एकत्र खेळता येत असे. पुढे १९९९ मध्ये 'हाफ-लाइफ' या गेमच्या आधारे हौशी मंडळींनी तयार केलेला 'काउंटर-स्ट्राइक' व्हॉल्व्ह कंपनीने २००० मध्ये स्वतंत्रपणे बाजारात आणला. महाराष्ट्रातील शहरांतही सायबर कॅफे आणि अभियांत्रिकी महाविद्यालयांची वसतिगृहे यांतून तो लॅनवर खेळला गेला. तासाचे पैसे भरून शेजारी शेजारी बसणाऱ्या या खेळाडूंना इंटरनेटची गरज नव्हती.

या मार्गाची मांडणी सोपी आहे. सर्व संगणक एकाच राउटरला अथवा स्विचला जोडावेत. सर्वांकडे गेमची एकच आवृत्ती असावी. आवृत्ती वेगळी असल्यास जोडणी नाकारली जाते. एका खेळाडूने यजमान होऊन सामना उघडावा. इतरांच्या पडद्यावर तो आपोआप न दिसल्यास यजमान संगणकाचा आयपी पत्ता, जो बहुधा १९२.१६८ या आकड्यांनी सुरू होतो, थेट टंकून जोडणी करता येते. 'माइनक्राफ्ट'च्या जावा आवृत्तीत चालू असलेले जग लॅनवर खुले करण्याची सोय मेनूमध्येच आहे.

येथे दोन अडचणी वारंवार येतात. पहिली अडचण फायरवॉलची. विंडोज प्रणालीत नेटवर्कची नोंद 'सार्वजनिक' अशी असेल, तर बाहेरून येणारी जोडणी सहसा अडविली जाते. घरच्या विश्वासू नेटवर्कची नोंद 'खाजगी' करून गेमला परवानगी दिल्यास हा अडथळा दूर होतो. दुसरी अडचण वसतिगृहे व हॉटेले यांतील वाय-फायची. सुरक्षिततेसाठी तेथे एका वाय-फायवरील यंत्रे एकमेकांना दिसू नयेत अशी व्यवस्था अनेकदा केलेली असते. अशा वेळी स्वतःचा छोटा राउटर किंवा केबल वापरणे श्रेयस्कर ठरते.

५. दुसरा मार्ग : इंटरनेटवरील स्वतःचा सर्व्हर

मित्र वेगवेगळ्या गावी असल्यास लॅन अपुरे पडते. जून १९९६ मध्ये आलेल्या 'क्वेक'ने इंटरनेटवर चालणारी सर्व्हर-पद्धती गेमच्या गाभ्यातच आणली. कोणीही सर्व्हर चालवावा व त्याचा पत्ता मित्रांना द्यावा, अशी ती मोकळी रचना होती.

या मार्गातील मुख्य अडथळा पत्त्यांच्या टंचाईतून निर्माण झाला आहे. इंटरनेटच्या जुन्या, परंतु अजूनही सर्वत्र वापरात असलेल्या पत्तापद्धतीत केवळ सुमारे ४२९ कोटी पत्ते शक्य आहेत. म्हणून घरातील सर्व यंत्रे राउटरला मिळालेला एकच सार्वजनिक पत्ता वापरतात. आतून बाहेर गेलेल्या मागणीचे उत्तर कोणत्या यंत्राला द्यावयाचे, हे राउटरला माहीत असते. परंतु बाहेरून आलेल्या अनपेक्षित जोडणीचे काय करावे, हे त्याला कळत नाही. मोठ्या इमारतीचा पत्ता आहे, पण घराचा क्रमांक नाही, असे पत्र आल्यावर पहारेकऱ्याची जी स्थिती होते, तीच राउटरची होते.

यावर उपाय म्हणजे पोर्ट फॉरवर्डिंग. राउटरच्या व्यवस्थापन पानावर जाऊन 'अमुक पोर्टवर आलेली जोडणी अमुक संगणकाकडे पाठवावी' अशी सूचना नोंदवावी लागते. माइनक्राफ्ट जावा आवृत्तीसाठी टीसीपी २५५६५, तर काउंटर-स्ट्राइकसाठी यूडीपी २७०१५ हे प्रचलित पोर्ट होत. त्यापूर्वी यजमान संगणकाचा घरातील पत्ता कायम करून ठेवावा; अन्यथा राउटर बंद होऊन पुन्हा सुरू झाल्यावर पत्ता बदलू शकतो व सूचना निरुपयोगी ठरते.

तथापि अनेक ग्राहकांच्या बाबतीत एवढ्याने भागत नाही. आशिया-प्रशांत विभागातील मोकळ्या पत्त्यांचा साठा एप्रिल २०११ मध्येच शेवटच्या टप्प्यावर आला. त्यामुळे इंटरनेट सेवा देणाऱ्या कंपन्या अनेक ग्राहकांना मिळून एक सार्वजनिक पत्ता देतात. राउटरच्या पानावर दिसणारा बाह्य पत्ता १००.६४ ते १००.१२७ या टप्प्यातील असेल, तर ग्राहक अशा सामाईक पत्त्यामागे आहे असे समजावे. तेथे घरच्या राउटरवरील पोर्ट फॉरवर्डिंगचा उपयोग होत नाही. मग तीन पर्याय उरतात : सेवादात्याकडून शुल्क भरून स्वतंत्र सार्वजनिक पत्ता घेणे, झीरोटियर अथवा टेलस्केल यांसारख्या साधनाने दूरचे संगणक जणू एकाच लॅनवर आहेत अशी आभासी जोडणी करणे, किंवा भाड्याने सर्व्हर घेणे. आभासी लॅनची ही युक्ती २००४ मध्ये आलेल्या 'हमाची' या प्रणालीमुळे गेम खेळणाऱ्यांत लोकप्रिय झाली होती.

स्वतःचा सर्व्हर उघडणे म्हणजे घराचे दार उघडणे होय, हे विसरता कामा नये. म्हणून पासवर्ड किंवा परवानगीची यादी अवश्य वापरावी, आवश्यक तेवढाच पोर्ट उघडावा, सर्व्हर अद्ययावत ठेवावा आणि सार्वजनिक पत्ता अनोळखी व्यक्तींना देऊ नये.

६. तिसरा मार्ग : कंपनीच्या सर्व्हरवरील खोली

१९९६ च्या अखेरीस ब्लिझार्ड कंपनीने 'डायब्लो' या गेमसोबत 'बॅटल.नेट' ही सेवा सुरू केली. कंपनीच्या व्यवस्थेतच सामना उघडून त्याला पासवर्ड लावण्याची सोय त्यात होती. आज हाच मार्ग सर्वाधिक रूढ आहे. २०१८ मध्ये आलेला व २०२० च्या टाळेबंदीच्या काळात जगभर गाजलेला 'अमंग अस' याचे उत्तम उदाहरण होय. एकाने खोली उघडावी, पडद्यावर दिसणारा सहा अक्षरी संकेतांक मित्रांना कळवावा आणि त्यांनी तो टंकून आत यावे, एवढीच कृती पुरते. 'बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया'मध्ये खोलीचा क्रमांक व पासवर्ड देऊन मित्रांना बोलाविता येते.

ही सोय शक्य होते, कारण येथे प्रत्येक खेळाडूचे यंत्र आतून बाहेर, कंपनीच्या सर्व्हरकडे, जोडणी करते. अशी जोडणी कोणताही राउटर सहसा अडवीत नाही. पोर्ट, फायरवॉल, सामाईक पत्ता हे प्रश्नच उद्भवत नाहीत. मित्रांना एकमेकांचे पत्तेही दिसत नाहीत. ज्यांच्याकडे संगणक नसून केवळ मोबाइल आहे, अशा विद्यार्थ्यांना खाजगी सामन्याचा आनंद याच मार्गाने मिळाला, हे त्याचे मोठेच योगदान आहे.

७. अंतर आणि विलंब

मार्ग कोणताही असो, निसर्गनियमाची एक मर्यादा ओलांडता येत नाही. काचेच्या तंतूतून प्रकाश सेकंदाला सुमारे २ लाख किलोमीटर वेगाने जातो. पुणे व न्यू जर्सी यांतील सरळ अंतर सुमारे १२,५०० किलोमीटर आहे. म्हणजे पुण्यातील सर्व्हरशी न्यू जर्सीतील मित्राच्या यंत्राला एकदा बोलून उत्तर मिळविण्यास किमान १२५ मिलिसेकंद लागतात. समुद्राखालील केबलचा मार्ग वळणाचा असल्याने प्रत्यक्ष विलंब, ज्यास खेळाडू 'पिंग' म्हणतात, याहून बराच अधिक असतो. शिवाय पुण्याचा खेळाडू स्वतः यजमान असेल, तर त्याचा विलंब जवळजवळ शून्य राहतो. गोळीबाराच्या खेळात हा फरक अन्यायकारक ठरतो.

अशा वेळी फ्रँकफर्टसारख्या मधल्या ठिकाणचा सर्व्हर निवडल्यास दोघांनाही साधारण सारखेच अंतर पडते. कोणालाच सर्वोत्तम वेग मिळत नाही, परंतु सामना समतोल होतो. परदेशी गेलेल्या मित्रांशी खेळताना पाळीपाळीने खेळावयाचे खेळ निवडणे हाही व्यवहार्य पर्याय आहे. कारण तेथे विलंबाने निकाल बदलत नाही.

८. नियम, पैसा आणि कायदा

खाजगी खोलीतील नियम मित्रांनी ठरवावयाचे असले, तरी पैशाच्या बाबतीत सावधगिरी आवश्यक आहे. प्रवेशासाठी रक्कम गोळा करून ती विजेत्यास देण्याची प्रथा मोबाइल गेमच्या खोल्यांतून रूढ झाली होती. संसदेने ऑगस्ट २०२५ मध्ये संमत केलेल्या ऑनलाइन गेमिंगविषयक कायद्यात पैसे लावून खेळावयाच्या ऑनलाइन खेळांवर बंदीची तरतूद आहे आणि त्यासाठी कौशल्याचा खेळ व नशिबाचा खेळ असा भेद केलेला नाही. त्यामुळे मित्रांच्या सामन्यात पैसे लावणे टाळणेच इष्ट होय.

९. मालकीचा प्रश्न

तिन्ही मार्गांचा एकत्रित विचार केल्यास सोय वाढताना ताबा घटत गेल्याचे दिसते. हा बदल काही वेळा कंपन्यांनी जाणीवपूर्वक केला. २००९ मधील 'कॉल ऑफ ड्यूटी : मॉडर्न वॉरफेअर २'च्या संगणक आवृत्तीत खेळाडूंनी स्वतःचे सर्व्हर चालविण्याची सोय ठेवली नाही. २०१० मधील 'स्टारक्राफ्ट २'मधून लॅन वगळण्यात आले. दोन्ही निर्णयांवर खेळाडूंनी तीव्र नाराजी व्यक्त केली होती.

याचे परिणाम पुढे स्पष्ट झाले. मे २०१४ अखेर 'गेमस्पाय' ही जोडणी-सेवा बंद पडली आणि तिच्यावर विसंबलेल्या अनेक गेमचा ऑनलाइन खेळ थांबला किंवा त्याला दुसरी व्यवस्था शोधावी लागली. ३१ मार्च २०२४ रोजी युबिसॉफ्टने 'द क्रू'चे सर्व्हर बंद केले. त्यानंतर विकत घेतलेला हा गेम एकट्यानेही खेळता येईनासा झाला. त्यातून 'स्टॉप किलिंग गेम्स' ही मोहीम उभी राहिली. तिने पुढे आणलेल्या युरोपीय नागरिक-उपक्रमाने जुलै २०२५ मध्ये १० लाख स्वाक्षऱ्यांचा टप्पा ओलांडला. भारतात सप्टेंबर २०२० मध्ये 'पबजी मोबाइल'वर बंदी आली, तेव्हा त्यातील मित्रांच्या खोल्याही बंद झाल्या. बंदी योग्य की अयोग्य हा वेगळा विषय आहे. मात्र खोलीची किल्ली मित्रांकडे असली, तरी इमारत त्यांची नव्हती, हे त्यातून दिसून आले.

याउलट डूम व क्वेक यांची मूळ संगणकीय संहिता अनुक्रमे १९९७ व १९९९ मध्ये खुली करण्यात आली. त्यामुळे नव्या संगणकांवर ते चालविण्याचे काम हौशी मंडळींनी सुरू ठेवले आणि आजही चार मित्र त्यांत आपला सामना मांडू शकतात.

१०. निष्कर्ष

१) खाजगी सामन्याची मांडणी हा मूलतः सर्व्हर कोठे ठेवावा, याचा निर्णय आहे.
२) एकत्र जमणाऱ्या मित्रांसाठी लॅन, दीर्घकाळ चालणाऱ्या सामाईक जगासाठी स्वतःचा सर्व्हर आणि तत्काळ खेळासाठी कंपनीची खोली, अशी निवड सामान्यतः सोयीची ठरते.
३) गेम विकत घेण्यापूर्वी तीन प्रश्न विचारावेत : लॅनची सोय आहे काय? सर्व्हर चालविण्याची प्रणाली खेळाडूंना दिली आहे काय? कंपनीने सेवा थांबविल्यास खेळ चालू राहील काय?

गल्लीतील मुलांचा चेंडू कोणाच्या अंगणात गेला, तर तो मागून आणता येतो. मैदानच दुसऱ्याचे असेल, तर मात्र खेळ त्याच्या मर्जीवर चालतो. सोयीचा मार्ग स्वीकारताना खेळाडूंनी ही वस्तुस्थिती ध्यानात ठेवणे आवश्यक आहे.