सागरी कासवे, संशोधन आणि पडदा

समुद्रापासून दूर असलेल्या बंगळूरमध्ये भारतीय विज्ञान संस्थेतील कार्तिक शंकर सागरी कासवांचा अभ्यास करतात. त्यांच्या व ‘दक्षिण फाउंडेशन’ या संस्थेच्या चमूने लिटल अंदमानमधील लेदरबॅक कासवांवर उपग्रहाद्वारे माग काढणारी यंत्रे बसवली. काही कासवे ऑस्ट्रेलियाकडे, तर काही आफ्रिकेच्या दिशेने गेली.

या प्रवासाच्या नकाशावरील रेषा सामान्य माणसाच्या मनाला भिडवण्याचे काम चित्रपट करतो. शेखर दत्तात्री यांच्या २००३च्या ‘द रिडलीज लास्ट स्टँड’ या चित्रपटाने ओडिशातील ऑलिव्ह रिडले कासवांवरचे संकट दाखवले. हे संकट असे: कासव फुप्फुसांनी श्वास घेते. ट्रॉलरच्या जाळ्यात अडकले की पृष्ठभागावर येता न आल्याने गुदमरते. जाळ्यात सुटकेची वाट ठेवणारे साधन बसवले, तर कासव वाचू शकते.