आकड्यांत सापडलेला ड्रायव्हर

‘आर’ ही संख्याशास्त्राची मोफत संगणकभाषा. ती उतरवून घेतली की तिच्यासोबत एक छोटा तक्ता आपोआप येतो. नाव ‘कार्स’. दोन रकाने, ५० ओळी. एका रकान्यात मोटारीचा वेग, ताशी ४ ते २५ मैल. दुसऱ्यात थांबेपर्यंत तिने कापलेलं अंतर, २ ते १२० फूट. मोजमापं १९२०च्या दशकातली. अमेरिकी शेती-अर्थतज्ज्ञ मॉर्डेकाय इझिकिएल यांच्या १९३०च्या पुस्तकातून ती आली आणि जगभरचे असंख्य विद्यार्थी आपली पहिली रेषा याच ठिपक्यांमधून ओढतात.

आपणही ओढू. प्रत्येक ठिपका रेषेच्या जितका वर किंवा खाली पडतो, त्या फरकांच्या वर्गांची बेरीज कमीत कमी ठेवायची. उत्तर येतं: अंतर = ३.९३ × वेग − १७.५८. अंतरांमधल्या चढउतारापैकी ६५ टक्के या रेषेने उलगडतो. वाईट नाही. पण वेगाच्या जागी ४ घाला. अंतर निघतं जवळजवळ उणे २ फूट! गाडी पुढे जाऊन थांबायच्या ऐवजी मागे जाऊन उभी राहिली.

मग वेगाचा वर्ग समीकरणात घेऊन पाहावा. रेषा वाकते, तिची अन्वस्त होते. पण ६५ टक्क्यांचे होतात फक्त ६७. वेग आणि वेगाचा वर्ग हे दोघे ४ ते २५ या अरुंद पट्ट्यात इतके हातात हात घालून वाढतात, की कुणाचा वाटा किती हे आकड्यांना वेगळं करता येत नाही. दोन्ही सहगुणक डळमळीत निघतात. नुसत्या आकड्यांना विचारलं, तर सरळ की वाकडं याचा निकाल ते देत नाहीत.

निकाल द्यायला भौतिकशास्त्र लागतं. थांबण्याचे टप्पे दोन. समोर काहीतरी दिसल्यापासून पाय ब्रेकवर पडेपर्यंत गाडी त्याच वेगाने धावत असते. हे अंतर वेगाच्या पटीत वाढतं. पुढचं काम ब्रेकचं. गाडीची गतिज ऊर्जा वेगाच्या वर्गाच्या पटीत असते आणि ती सगळी घर्षणाला खाऊन टाकावी लागते. घर्षणाचा जोर साधारण तेवढाच राहतो, म्हणून अंतर वर्गाच्या पटीत लांबतं. तिसरं काहीच नाही. उभ्या गाडीला थांबायला शून्य फूट लागतात, तेव्हा समीकरणातलं सुटं स्थिर पद काढूनच टाकायला हवं.

ते काढलं की गणित एकदम स्थिरावतं: अंतर = १.२४ × वेग + ०.०९ × वेगाचा वर्ग. दोन्ही सहगुणक आता शून्यापासून स्पष्ट वेगळे दिसतात. आणि आता खरी गंमत. ताशी १ मैल म्हणजे सेकंदाला १.४७ फूट. १.२४ला १.४७ने भागा: ०.८४ सेकंद. माणसाला सावध होऊन पाय हलवायला लागतो, जवळपास तेवढाच वेळ! तक्त्यात सेकंदांचा रकाना नाही, ड्रायव्हरविषयी एक अक्षर नाही. तरी त्याची एक झलक ५० आकड्यांमधून बाहेर येते. दुसऱ्या सहगुणकातून ब्रेकची ताकद निघते: गुरुत्वत्वरणाच्या सुमारे ३७ टक्के. त्या काळी अनेक मोटारींना ब्रेक फक्त मागच्या चाकांना असत, हे ध्यानात घेतलं तर हा आकडा अगदी शोभणारा आहे. आजची चांगली गाडी कोरड्या डांबरी रस्त्यावर याच्या दुपटीहून अधिक जोराने थांबू शकते.

अर्थात या ०.८४वर फार विसंबू नये. ५० मोजमापांतून काढलेल्या या आकड्याची ९५ टक्के खात्रीची मर्यादा एक दशांश सेकंदापासून दीड सेकंदाच्याही थोडी पलीकडे जाते. ताशी १४ मैलांच्या चार नोंदी पाहा: २६, ३६, ६० आणि ८० फूट. वेग एकच, अंतरात तिपटीहून अधिक फरक. हा फरक समीकरणात नसलेल्या गोष्टींचा आहे आणि वेगाची कुठलीही वक्ररेषा तो पुसू शकत नाही. पंचवीस मैलांच्या पुढे तर या सहगुणकांना नेऊच नये. तिथे एकही ठिपका नाही.

वर्गाचं नातं मात्र गाडी बदलली तरी तेच राहतं. वेग ताशी ८० किलोमीटरवरून १०० केला, तर ड्रायव्हरच्या वाट्याचं अंतर सव्वापट होतं, ब्रेकच्या वाट्याचं दीडपटीहून अधिक.