लोणी झाडाचं, डबी कुणाची?

क्रीमच्या डबीवर ‘शिया बटर’ एवढं छापलं की किंमत चढली तरी आपण कुरकुरत नाही. या बटरचा गाईम्हशींशी काडीचा संबंध नाही. ते निघतं आफ्रिकेतल्या एका झाडाच्या बियांतून, आणि ते काढतात बायका. त्यांच्यातच अधूनमधून एखादी अशी निघते, जिचं नुसतं लोणी विकून समाधान होत नाही. तिला डबीही स्वतःचीच हवी असते. या बायकांच्या आणि त्यांच्या झाडांच्या काही चटकदार गोष्टी.

१९व्या वर्षी वैधव्य, बाजारात बस्तान

सिएरा लिओनमधलं बोन्थे गाव, साल १९१२. सोफी टकर तिथल्या बाजारात शियाच्या बिया आणि घरी केलेले साबण विकायला बसायची. १९व्या वर्षीच वैधव्य आलेलं, पदरात ४ मुलं, असं तिच्या घरचेच सांगतात. तिचा नातू रिशेल्यू डेनिस शिकायला अमेरिकेत गेला. १९९१ मध्ये पदवी हातात पडली, पण तिकडे त्याच्या मायदेशी, लायबेरियात यादवी पेटलेली. परतीची वाट बंद. मग आईला आणि एका मित्राला हाताशी धरून पठ्ठ्यानं न्यूयॉर्कमध्ये आजीच्या कृतीचे साबण विकायला काढले. आजचा ‘शिया मॉइश्चर’ हा ब्रँड तिथून आला. २०१७ मध्ये त्याची कंपनी युनिलिव्हरनं विकत घेतली.

चिकूचा चुलतभाऊ

शियाचं झाड आपल्याला अगदीच परकं नाही. मोह, चिकू आणि शिया ही एकाच कुळातली झाडं. मोरोक्कोचा प्रसिद्ध आर्गनही त्याच गोतावळ्यातला. शियाची सहसा कुणी लागवड करत नाही. शेतात आपसूक उगवलेलं झाड शेतकरी राखतो, कारण पहिलं फळ धरायलाच १५ ते २० वर्षं लागतात. एकदा धरलं की मात्र पिढ्यांची सोय, झाड २०० वर्षंही जगतं.

रवी म्हणजे स्वतःचा हात

फळं पिकून खाली पडली की बायका पहाटेच वेचायला निघतात. वरचा गर गोड, तो खाऊन टाकायचा. आतल्या बिया उकडायच्या, वाळवायच्या, फोडायच्या, कुटायच्या, भाजायच्या आणि दळायच्या. चॉकलेटी रंगाचा लगदा तयार झाला की त्यात पाणी घालून तो हातानं फेटत राहायचं. दंड भरून येतात, तेव्हा कुठे पांढुरका गोळा वर तरंगतो. तो काढून कढवायचा, गाळायचा, थिजू द्यायचा. ताकातून लोणी, लोण्यातून तूप करणाऱ्या घरात हे वेगळं समजावून सांगायला नको. या व्यवसायातली ‘ग्लोबल शिया अलायन्स’ ही संस्था सांगते की १ कोटी ६० लाख बायका या कामात आहेत. म्हणून तर शियाला ‘बायकांचं सोनं’ म्हणतात.

इब्न बतूतानं पाहिलेलं बहुगुणी तेल

हे सोनं आजकालचं नाही. १३५२ मध्ये प्रवासी इब्न बतूता माली राज्यात पोचला, तेव्हा त्यानं या फळाच्या तेलाची नोंद करून ठेवली. लोक त्यात स्वयंपाक करत, त्यावर दिवे लावत, ते अंगाला चोळत, आणि मातीत कालवून घराच्या भिंतीही सारवत. स्वयंपाकघरापासून भिंतीपर्यंत एकच बुधली. आजच्या कुठल्या क्रीमची आहे ही छाती?

चॉकलेटच्या पंगतीत घाना आणि कोकण

शिया फक्त गालांवर जातं असं नाही. निर्यात होणाऱ्या शियातला मोठा वाटा खाद्यपदार्थांत खपतो, विशेषतः चॉकलेटमध्ये. युरोपीय संघाच्या २००० सालच्या नियमानुसार चॉकलेटमध्ये कोको बटरशिवाय ६ वनस्पतींची चरबी चालते, तीही जास्तीत जास्त ५ टक्के. यादीत शिया आहे, पाम आहे, साल वृक्ष आहे, आंब्याची कोय आहे आणि चक्क आपलं कोकमही आहे! भेगाळलेल्या टाचांना कोकणातली आजी जे भिरंडेल लावते, ते आणि घानातल्या आजीचं शिया युरोपच्या एकाच पंगतीला बसलेत.

तोंडाला लावा, नाहीतर तोंडात घाला

घानाच्या व्हायोलेट अमोआबेंग हिनं ‘स्किन गुर्मे’ नावाची कंपनी काढली. माल घानाच्या रानावनातला, आणि दावा असा की आमची क्रीमं खाता येतील इतकी शुद्ध आहेत. जे खाववत नाही ते कातडीला तरी का चोळावं, हे तिचं साधं गणित. फ्रिजमध्ये ठेवलीत तर घरच्यांना आधी सांगून ठेवा.

वकिलीच्या पुस्तकांशेजारी लाली

तारा हे नाव शेजारच्या बिऱ्हाडातलं वाटावं असं, पण तारा फेला-दुरोतोये नायजेरियाची. १९९८ मध्ये लेगॉसला कायदा शिकता शिकता तिनं घरातच लोकांचा मेकअप करायला सुरुवात केली. त्यातून ‘हाउस ऑफ तारा’ उभं राहिलं. तिचा माल झाडपाल्याचा नव्हे, रंगरंगोटीचा. पण बाहेरून आलेल्या डब्यांनी भरलेल्या बाजारात स्वतःच्या नावाची डबी ठेवता येते, हे तिनं मागून येणाऱ्या मुलींना दाखवून दिलं.

काळा साबण, गोरा फेस

नायजेरियातल्या योरुबा भाषेत आफ्रिकेतल्या काळ्या साबणाला ‘ओशे दुदू’ म्हणतात. ओशे म्हणजे साबण, दुदू म्हणजे काळा. केळ्यांच्या साली आणि कोकोच्या शेंगांची टरफलं जाळून राख करायची, तिच्या खाराशी पामचं किंवा शियाचं तेल शिजवायचं, झाला साबण. राखुंडीनं दात आणि राखेनं भांडी घासलेल्या पिढीला यात नवल वाटणार नाही. नवल वाटेल ते परदेशी दुकानातली त्याची किंमत पाहून.

झाडावर बकऱ्या, झाडाखाली सहकार

मोरोक्कोत बकऱ्या आर्गनच्या झाडावर चढून फळं खातात. फोटो खरे असतात, फक्त पर्यटकांसाठी मुद्दाम चढवलेल्या बकऱ्याही असतात. त्याच झाडाखाली दगडावर बिया फोडणाऱ्या बायकांसाठी राबातच्या रसायनशास्त्राच्या प्राध्यापक झुबैदा शारूफ यांनी १९९६ मध्ये पहिली महिला सहकारी संस्था उभी केली. २०१४ मध्ये युनेस्कोनं आर्गनच्या या परंपरेला वारशाचा मान दिला.

हत्ती खरंच झिंगतो?

दक्षिण आफ्रिकेकडच्या मारुलाच्या बियांचं तेलही चेहऱ्याला लावतात. त्याची गळून आंबलेली फळं खाऊन हत्ती झिंगतात, ही गोष्ट मात्र शंकास्पद. ब्रिस्टल विद्यापीठातल्या संशोधकांनी हिशेब मांडून दाखवला की एवढ्या धिप्पाड देहाला चढायला ती फळं पुरायची नाहीत. माणसाची गोष्ट वेगळी. त्याच फळाची ‘अमारुला’ ही दारू जगभर विकली जाते.

गोरेपणाला रजा

स्वतःची डबी बाजारात आणणाऱ्या या आफ्रिकी मुलींची खरी झुंज गोरं करणाऱ्या क्रीमांशी आहे. आयव्हरी कोस्टनं २०१५ मध्ये अशा क्रीमांवर बंदी आणली. घानानंही रंग उजळवणारं हायड्रोक्विनोन असलेली क्रीमं रोखली. आपल्याकडे २०२० मध्ये ‘फेअर अँड लव्हली’चं ‘ग्लो अँड लव्हली’ झालं. ही डबी हिंदुस्तान युनिलिव्हरची, म्हणजे सोफीआजीच्या नातवाची कंपनी घेणाऱ्याच घराण्यातली.

४० टक्के बिया, १ टक्का पैसा

ऑगस्ट २०२५ मध्ये नायजेरियानं शियाच्या कच्च्या बियांच्या निर्यातीवर सुरुवातीला ६ महिन्यांची बंदी घातली. कारण सरकारनंच सांगितलं. जगातल्या शियापैकी जवळपास ४० टक्के पीक आमचं, पण जागतिक बाजारातल्या पैशात वाटा जेमतेम १ टक्का. बी गोणीत भरून गेली की तिचं लोणी, क्रीम आणि नफा दुसऱ्या देशात तयार होतो. गोणी विकणारी आणि डबी विकणारी यांच्यातला फरक एवढा मोठा आहे.

डबी उलटी करा

आता घरातली शियाची एखादी डबी घ्या आणि मागची बारीक अक्षरं वाचा. तिथे ‘ब्युटिरोस्पर्मम पार्की’ असं काहीतरी सापडेल. हा पार्की म्हणजे मंगो पार्क. हा स्कॉटिश प्रवासी १७९० च्या दशकात नायजर नदीचा शोध घेत फिरला, वाटेत त्यानं हे लोणी पाहिलं आणि युरोपला सांगितलं. ‘शिया’ हा शब्दही बंबारा भाषेतून त्याच्याच लेखणीनं इंग्रजीत नेला. काढणाऱ्या बायका, चाखणारा पाहुणा, आणि नाव लागलं पाहुण्याचं. ते काही आता बदलत नाही. पण त्या नावाच्या आसपासच डबी कुणी आणि कुठे भरली तेही छापलेलं असतं. पुढची डबी घेताना तेवढं वाचा. घानातल्या आक्राचा किंवा नायजेरियातल्या लेगॉसचा पत्ता दिसला, तर तुमच्या पैशातला थोडा जास्त वाटा फेटणाऱ्या हातांच्या देशात राहील.