अभिनेत्री ते दिग्दर्शिका : मारिया द मेदेइरुश

१९६५ साली लिस्बनमध्ये जन्मलेल्या मारिया द मेदेइरुश यांना जग प्रथम ओळखू लागले ते अभिनेत्री म्हणून. १९९४ साली व्हेनिसच्या महोत्सवात त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. त्याच वर्षी ‘पल्प फिक्शन’मधून त्या सर्वदूर पोहोचल्या. पुढे त्या कॅमेऱ्यामागे गेल्या आणि २००० साली ‘कापितांइश द आब्रिल’, म्हणजे ‘एप्रिलचे कॅप्टन’, हा चित्रपट पडद्यावर आला. दिग्दर्शनाबरोबर त्यांनी त्यात भूमिकाही केली.

२५ एप्रिल १९७४ रोजी तरुण लष्करी अधिकाऱ्यांनी लिस्बनमधील हुकूमशाही उलथवली, त्याची ही कथा. बंदुकांच्या नळ्यांत लोकांनी लाल फुले खोवली, तेव्हा मारिया आठ वर्षांच्या होत्या.

गोमंतकाशी निगडित वाचकांना हा विषय परका नाही. १९६१ साली गोवा मुक्त झाला, पण सालाझारच्या राजवटीने ते कधीच मान्य केले नाही. भारताचे सार्वभौमत्व मान्य करणारा करार झाला तो या क्रांतीनंतर, ३१ डिसेंबर १९७४ रोजी. ज्या सत्तेने गोव्याच्या सत्याग्रहींना तुरुंगात डांबले, तिनेच स्वतःच्या प्रजेचेही तोंड दाबले होते. पोर्तुगीज सत्ता आणि पोर्तुगीज माणूस यांत अंतर होते, हे हा चित्रपट पाहताना उमगते.