गाडीत किती वजन चालतं?

गणपतीला कोकणात निघताना डिकी बंद झाली की सामान मावलं, असं आपण धरून चालतो. पण गाडीला जागेपेक्षा वजनाची मर्यादा आधी लागते. आरसीवर रिकाम्या गाडीचं वजन दिलेलं असतं, कमाल एकूण वजन मॅन्युअलमध्ये सापडतं. वजाबाकी केली की उरतो तो भार, आणि त्यात माणसंही आली. समजा ९५० आणि १३७५ किलो असेल, तर भार ४२५ किलो. सत्तर किलोची पाच माणसं बसली की उरले ७५. त्यात पन्नास किलोचं तांदळाचं पोतं टाकलं, तर बॅगांना पंचवीसच किलो. सीएनजी गाडीत सिलिंडरमुळे हा आकडा आणखी घटतो.

जड सामान खाली, मागच्या सीटला अगदी टेकवून ठेवा. ते डिकीच्या टोकाला गेलं की पुढची चाकं हलकी होतात, स्टेअरिंगची पकड सुटते. हेडलाइटही वर उचलले जाऊन समोरच्याचे डोळे दिपतात, म्हणून त्यांची लेव्हल उतरवा. टायरमध्ये भरल्या गाडीसाठीची हवा भरा. दारालगतच्या स्टिकरवर ती वेगळी लिहिलेली असते, टायर थंड असताना मोजायची. कॅरिअरवर हलकंच सामान. आणि घाट उतरताना गिअर खालचाच हवा, नाहीतर सगळा भार ब्रेकवर येऊन ते तापतात.