एका रात्रीत घर मिळतं का? 'आजचा दिवस माझा'

राजकारणावरचा मराठी सिनेमा म्हटलं की आपण 'सिंहासन'वर थांबतो. पण चंद्रकांत कुलकर्णींचा 'आजचा दिवस माझा' (२०१३) पाहिलाय का? आणि मंडळी, तो आपल्या संभाजीनगरकरांचा आहे बरं! कुलकर्णी आणि प्रशांत दळवी इथल्याच 'जिगीषा' नाट्यसंस्थेतून पुढे मुंबईला गेले. या सिनेमाचं लेखन अजित आणि प्रशांत दळवींचं.

मुख्यमंत्र्यांच्या हातून एका ज्येष्ठ गायकाचा मान दुखावला जातो. आता चूक सुधारायची, तर सकाळच्या आत त्यांना घर द्यायचंच! मग मध्यरात्री मुख्यमंत्रीसाहेबांसाठी अख्खी यंत्रणा जागी होते. सचिन खेडेकर उत्तमच, पण माझं मत हृषीकेश जोशींना. सिनेमातला अधिकारी नियमावर बोट ठेवून अडतो, आणि त्याला खलनायक म्हणायची सोय लेखकांनी ठेवलेली नाही. चांगल्या कामासाठी नियम वाकवला, तर उद्या वाईट कामासाठी कोण अडवणार? अश्विनी भावे, महेश मांजरेकर, पुष्कर श्रोत्री, सगळेच आपापल्या जागी चोख.

सिनेमाला सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कारही मिळालाय. पाहिलात तर कमेंटमध्ये सांगा: तुम्ही साहेबांच्या बाजूने की अधिकाऱ्याच्या?